रूळ उखडा, पण माणूस जपा
लेखमाला : ताब्यातले देश, झुंजणारी माणसं (लेखांक सहावा)

मागच्या आठवड्यात आपण नॉर्वेतल्या वेमोर्कच्या जलविद्युत कारखान्यापाशी थांबलो होतो. २७ फेब्रुवारी १९४३ ची रात्र. योआखिम रोनेबर्ग आणि त्याचे साथीदार बर्फाने भरलेल्या घळीत उतरले, नदी ओलांडून पलीकडचा कडा चढले. केबल नेण्यासाठी ठेवलेल्या अरुंद बोळातून रोनेबर्ग सरपटत आत शिरला आणि जड पाण्याच्या टाक्यांपाशी पोचला. सुरुंग लावून झाले. वाती दोन मिनिटांच्या होत्या, त्या कापून त्याने अर्ध्या मिनिटाच्या केल्या. तेवढ्यात तिथला रात्रपाळीचा नॉर्वेजियन कामगार म्हणाला, माझा चष्मा सापडत नाही. युद्धकाळात नवा चष्मा मिळणं मुश्कील. बाहेर जर्मन पहारा, हातातली काडी पेटवायच्या बेतात, आणि ही माणसं चष्मा शोधत राहिली. तो सापडला, कामगाराला वरच्या मजल्याकडे पळवलं आणि मग वाती पेटल्या. सुमारे ५०० किलो जड पाणी गटारातून वाहून गेलं. दोन्हीकडून एकही गोळी सुटली नाही, कोणी मेलं नाही.

वस्तू मोडायची आणि माणूस राखायचा, हे तिथे त्या रात्री साधलं. पण हे साधता येतं का, साधलं तरी ते करावं का, यावर त्याच्या सहा महिने आधी आपल्या वर्ध्यात उघड, छापील वाद सुरू झाला होता. नॉर्वेच्या डोंगरातली लढाई समजून घेताना तो वाद मला फार मोलाचा वाटतो, म्हणून आजचा लेखांक वर्धा जिल्ह्यासाठी.

६ ते १४ जुलै १९४२ या काळात काँग्रेस कार्यकारिणी वर्ध्यात बसली होती. ज्यांच्या आतिथ्यावर या बैठका चालत आल्या ते जमनालाल बजाज त्याच वर्षी ११ फेब्रुवारीला गेले होते. इंग्रजांनी भारत सोडून जावं हा ठराव १४ जुलैला वर्ध्यात झाला. ८ ऑगस्टला मुंबईत गवालिया टँकवर त्यावर शिक्कामोर्तब झालं. दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत गांधीजींसह सगळे पुढारी पकडले गेले. नेमकं काय करायचं, कुठवर जायचं, हे सांगणारा कोणी बाहेर उरला नाही. नॉर्वेचं सरकार निदान लंडनला पोचलं होतं आणि तिथून हुकूम येत होते. इथे हुकूम देणारेच गजाआड होते. लोक आपापल्या बुद्धीने पेटले. सरकारी अंदाजानुसारच पहिल्या आठवड्यात २५० रेल्वे स्थानकांची मोडतोड झाली, ५०० वर पोस्ट कचेऱ्यांवर आणि १५० वर पोलीस ठाण्यांवर हल्ले झाले.

अशा वेळी गांधीजींच्या ‘हरिजन’ साप्ताहिकाची जबाबदारी किशोरलाल मश्रूवालांवर आली. दम्याने पोखरलेले, पन्नाशी ओलांडलेले, गांधी सेवा संघाचं अध्यक्षपद सांभाळलेले किशोरलालभाई वर्ध्याचेच रहिवासी. लोक विचारत होते, तारा तोडल्या तर चालेल का? रूळ काढले तर? २३ ऑगस्टच्या अंकात त्यांनी हे आपलं वैयक्तिक मत आहे असं सांगून उत्तर दिलं. लुटालूट आणि जाळपोळ त्यांनी बाजूला सारली. संप आणि असहकार हे सगळ्यांत चांगले, असं म्हटलं. पण अशा लढ्यात तारा तोडणं, रूळ काढणं, लहान पूल पाडणं यालाही हरकत घेता येणार नाही. अट एकच, माणसाच्या जिवाला धोका पोचू नये याची पुरेपूर काळजी घेतलेली असली पाहिजे. हा लेख पुढे सरकारच्या फार उपयोगी पडला. १९४३ च्या फेब्रुवारीत दंगलींची जबाबदारी काँग्रेसवर टाकणारी पुस्तिका निघाली, तिच्यात तो पुरावा म्हणून वापरला गेला.

त्या अटीचा अर्थ रेल्वेच्या भाषेत समजून घेऊ. वर्धा हे मोक्याचं ठिकाण. मुंबईहून नागपूर-हावड्याकडे जाणारा आणि दिल्लीहून मद्रासकडे जाणारा, असे दोन मोठे मार्ग इथे एकमेकांना भेटतात. जपान्यांनी ब्रह्मदेश घेतला होता, पूर्वेकडे फौज आणि दारूगोळा धावत होता. त्या काळी एका स्टेशनातून गाडी सोडायची तर पुढच्या स्टेशनाकडून ‘लाइन क्लिअर’ तारेने यावी लागे. दोन स्टेशनांमधली तार तुटली की ती खूण येत नाही. मग मास्तर ड्रायव्हरला लेखी परवाना देतो आणि गाडी दबकत, डोळ्यांत तेल घालून पुढे काढावी लागते. एकामागे एक गाड्या तुंबतात. खांबावर चढून चिनी मातीच्या वाट्या फोडल्या, तार कापली, एवढ्याने हे होतं आणि कोणाला ओरखडाही येत नाही. मश्रूवालांची अट इथे सहज पाळली जाते.

रुळाचं तसं नाही. दोन रुळांच्या जोडावर दोन्ही बाजूंनी फिशप्लेट असतात. त्यांचे नटबोल्ट लांब पान्याने सोडवायचे, स्लीपरवरच्या चाव्या ठोकून काढायच्या, मग पहारीने रूळ सरकवायचा. गँगमन रोज हेच काम उलट्या दिशेने करतो. चारपाच धट्टीकट्टी माणसं रात्रीतून हे उरकू शकतात. पण त्यानंतर? त्या रुळावर येणारी गाडी लष्कराची आहे की यात्रेकरूंची, हे अंधारात कसं कळणार? आणि मालगाडी असली तरी तिच्या इंजिनावर ड्रायव्हर आणि फायरमन असतोच. त्यांचा जीव राखायचा तर कोणीतरी अर्धा मैल पुढे लाल कंदील घेऊन उभं राहिलं पाहिजे किंवा मास्तरला कळवलं पाहिजे, आणि पकडलं जाण्याची तयारी ठेवली पाहिजे. पुरेपूर काळजी हे दोन शब्द कागदावर लहान दिसतात. प्रत्यक्षात ते पाळायला आधी योजना लागते, शिस्त लागते, आणि लाल कंदील धरणारा तो एक माणूस लागतो.

तो लेख छापला जाण्याच्या आठवडाभर आधीच वर्धा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, आर्वीच्या पलीकडे आष्टीत, योजना आणि शिस्त दोन्ही हातून निसटल्या होत्या. १६ ऑगस्ट १९४२, नागपंचमी. तुकडोजी महाराजांच्या खंजिरीने हा सगळा मुलूख आधीच भारलेला होता. (त्याच महिन्यात महाराजांना अटक झाली आणि नागपूर-रायपूरच्या तुरुंगात ठेवलं गेलं.) आष्टीचे आणि आसपासच्या खेड्यांतले लोक मोर्चा घेऊन पोलीस ठाण्यावर गेले. तिरंगा लावायचा होता. पोलिसांनी गोळीबार केला. आपली माणसं डोळ्यांदेखत पडलेली पाहून जमाव ठाण्यावर तुटून पडला. ठाणेदारासह पाच पोलीस मारले गेले. आष्टीच्या हुतात्म्यांत डॉ. गोविंद मालपे आहेत, पंची गोंड आहेत, रशीद खाँ आहेत. एक डॉक्टर, एक आदिवासी, एक मुसलमान: गावात जेवढ्या तऱ्हांची माणसं असतात तेवढी सगळी त्या मोर्चात होती, हे या तीन नावांतूनच कळतं. आज त्या गावाच्या नावापुढे ‘शहीद’ लावलं जातं. त्याच दिवशी तेव्हाच्या चांदा जिल्ह्यातल्या चिमूरलाही असाच भडका उडाला.

आष्टीला घातपात म्हणता येणार नाही. कोणी तिथे आराखडा घेऊन गेलं नव्हतं. पण मश्रूवालांचा प्रश्न तिथे सगळ्यांत उघडा पडला. ज्यांच्या अंगावर गोळी झाडली जाते त्यांनी समोरच्याचा जीव राखावा, ही अपेक्षा कोणाकडून करायची? आणि मेलेले पोलीस तरी कोण होते? पगारासाठी खाकी चढवलेली याच देशातली माणसं. आष्टीच्या हुतात्म्यांपुढे मी मान लवून उभा राहतो. तरी त्या पाच मृत्यूंकडे पाठ फिरवून ही गोष्ट सांगितली, तर ती अर्धीच सांगितली जाईल.

गांधीजींना हे सगळं आगाखान पॅलेसच्या कैदेत वाचायला मिळालं. सरकारी पुस्तिकेला त्यांनी जुलै १९४३ मध्ये सविस्तर उत्तर पाठवलं. त्यात किशोरलालभाईंच्या सचोटीबद्दल त्यांनी शंका येऊ दिली नाही, पण मत मात्र स्वीकारलं नाही. रूळ, पूल यांना हात लावणं अहिंसेत बसू शकतं असं घटकाभर मानलं, तरी ते जनसमुदायापुढे ठेवणं धोक्याचं आहे, कारण एवढी मोठी संख्या ते अहिंसेने करील अशी अपेक्षा धरता येत नाही, असा त्यांच्या म्हणण्याचा रोख होता. १९४४ मध्ये सुटल्यावर तर त्यांनी भूमिगतांना उघड बाहेर या असंच सांगितलं. अरुणा असफ अलींच्या धैर्याचं कौतुक करून, पोलिसांच्या स्वाधीन व्हा आणि तुमच्यावर लावलेलं बक्षीस हरिजन कार्याला द्या, असं त्यांनी लिहिलं.

मला या वादात गांधीजींचा मुद्दा अधिक खोल वाटतो, आणि तो पटवून देणारा पुरावा नॉर्वेतच आहे. वेमोर्कला जे जमलं ते मूठभर माणसांना जमलं. ती स्कॉटलंडमध्ये तयार झालेली होती. चौघांची आघाडीची तुकडी ऑक्टोबरपासून हार्डांगरच्या पठारावर शेवाळ आणि रेनडिअर खाऊन तग धरून होती. कारखान्याचा नकाशा त्यांना पाठ होता. आणखी एक काळजी त्यांनी घेतली होती. अंगात ब्रिटिश लष्कराचे कपडे होते आणि जाताना एक टॉमी गन मुद्दाम मागे टाकली होती. काम बाहेरून आलेल्या सैनिकांचं आहे हे जर्मनांना दिसावं आणि सूड आसपासच्या गावांवर उगवला जाऊ नये. या काळजीला कारण होतं. १९४२ च्या एप्रिलमध्ये तेलावोग या मासेमारीच्या गावात दोन गेस्टापो अधिकारी मारले गेले, तर जर्मनांनी अख्खं गाव जमीनदोस्त केलं आणि पुरुषांना छळछावणीत धाडलं. घातपात करणारा निसटतो, मागे राहणारा भरतो. आपल्याकडेही १९४२ नंतर देशभरातल्या गावांवर मिळून सुमारे ९० लाख रुपयांचा सामुदायिक दंड बसवला गेला.

आणि एवढी तयारी असूनही नॉर्वेत ती अट दरवेळी पाळली गेली नाही. वर्षभराने जर्मनांनी उरलेलं जड पाणी जर्मनीला हलवायचं ठरवलं. ते टिन सरोवरातून ‘हायड्रो’ नावाच्या प्रवासी नावेने जाणार होतं. वेमोर्कच्या रात्रीच्या तुकडीतलाच क्नूट हाउकेलिड तेव्हा तिथे होता. आपलेच लोक मरतील, हे खरंच आवश्यक आहे का, अशी विचारणा लंडनला बिनतारी संदेशाने झाली. उत्तर आलं, करा. रविवारची सकाळ निवडली, कारण त्या दिवशी प्रवासी कमी. २० फेब्रुवारी १९४४ ला नाव बुडाली. १८ जण गेले, त्यांतले १४ नॉर्वेजियन. ज्यांनी एकाचा चष्मा शोधला होता त्यांच्याच बाजूने हेही घडलं. इथे त्यांना दोष द्यायला माझी जीभ रेटत नाही, कारण या जड पाण्याच्या जोरावर हिटलरच्या हाती अणुबाँब पडेल ही भीती तेव्हा खरी होती. पण प्रशिक्षित सैनिकाचीही ही गत, तर हरिजनमधला एक परिच्छेद वाचून पहार उचलणाऱ्या खेड्यातल्या तरुणाने ती अट कशी निभवायची?

लष्कर आष्टी-चिमूरला पोचल्यावर जे झालं त्याची दाद मागणं हे तर आणखी अवघड काम होतं. चिमूरच्या स्त्रियांवर सैनिकांनी अत्याचार केल्याच्या तक्रारी आल्या, आणि चौकशीला सरकार तयार नव्हतं. सेवाग्राम आश्रमातले प्राध्यापक जयकृष्ण भन्साळी आधी दिल्लीला, व्हाइसरॉयच्या मंडळात असलेल्या बापूजी अण्यांकडे गेले. तिथे काही निघेना. चिमूरच्या वाटेला लागले तर पोलिसांनी परत आणून सोडलं. मग त्यांनी अन्न सोडलं. ११ नोव्हेंबर १९४२ ते १२ जानेवारी १९४३, असे ६३ दिवस. उपोषणाची बातमी छापायला बंदी होती. तिच्या निषेधार्थ देशातल्या अनेक वर्तमानपत्रांनी एक दिवस अंक काढले नाहीत. डॉ. ना. भा. खरे यांच्या मध्यस्थीने तोडगा निघाला. तार कापून एखादी लष्करी गाडी काही तास अडली असती. भन्साळींच्या उपाशी देहाने चिमूरचं नाव देशभर नेलं.

आष्टी-चिमूरच्या खटल्यांत अनेकांना फाशी फर्मावली गेली. नागपूरच्या अनसूयाबाई काळे यांनी या माणसांना वाचवण्यासाठी रान उठवलं. गांधीजींनीही शब्द टाकला. शेवटपर्यंत फासाच्या छायेत राहिलेल्या सात जणांची शिक्षा १९४५ मध्ये जन्मठेपेवर आली. मश्रूवाला तुरुंगातून सुटून पुन्हा वर्ध्याला आले. गांधीहत्येनंतर ‘हरिजन’ परत निघू लागला, तेव्हा संपादक म्हणून तेच होते, १९५२ मध्ये वर्ध्यात देह ठेवीपर्यंत.

पुढच्या आठवड्यात माथेरानच्या पायथ्याशी जाऊ. तिथे भाई कोतवाल यांच्या आझाद दस्त्याने मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडले. वेमोर्कप्रमाणे तिथेही लक्ष्य विजेशी जोडलेलं होतं, माणसं मात्र स्थानिक होती, आणि परतीची वाट सिद्धगडावर संपली.