मुदत संपलेला इतिहास

माहितीपटात दिसणारी जुनी दृश्ये बहुतेक वेळा भाड्याची असतात. अर्काइव्हकडून आधी वॉटरमार्क आणि टाइमकोड उमटवलेली कामचलाऊ प्रत येते, संकलक तिच्यावर काम करतो आणि शेवटी किती सेकंद वापरले याचा हिशेब होऊन करार होतो. दर ठरतो तो मुख्यतः कोणत्या देशांत, कोणत्या माध्यमांत आणि किती वर्षे दाखवणार यावर. पैसे कमी पडले की निर्माता कात्री लावतो ती वर्षांना, कारण त्याची झळ आज लागत नाही. खरा घोळ इथेच आहे.

अमेरिकेत हेन्री हॅम्प्टन यांनी कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्क लढ्यावर केलेली 'आइज ऑन द प्राइझ' ही 14 भागांची मालिका 1987 आणि 1990 मध्ये पीबीएस या सार्वजनिक वाहिनीवर आली. माँटगोमेरीचा बसबहिष्कार, सेल्माच्या पुलावरचा लाठीमार हे सारे त्या काळच्या बातम्यांच्या फितींतून घेतलेले. निधीची ओढाताण होती, म्हणून परवाने थोड्या वर्षांचेच घेतले गेले. 1990च्या दशकाच्या मध्यापासून ते संपत गेले आणि मालिका पडद्यावरून उतरली. डीव्हीडीही काढता येईना. शाळा-ग्रंथालयांकडे उरल्या त्या झिजत चाललेल्या जुन्या कॅसेट. एका दृश्यात सहकारी मार्टिन ल्यूथर किंग यांच्यासाठी 'हॅपी बर्थडे' गातात. त्या गाण्यावरही तेव्हा एका संगीत कंपनीचा दावा होता (2015 मध्ये न्यायालयाने तो फेटाळला). म्हणजे फितीचे पैसे वेगळे, तिच्यात ऐकू येणाऱ्या गाण्याचे वेगळे. फोर्ड फाउंडेशनसारख्यांनी लाखो डॉलर दिल्यावर परवाने नव्याने घेतले गेले आणि 2006 मध्ये मालिका पुन्हा दिसू लागली.

फिती जपायला, त्यांचे डिजिटायझेशन करायला खर्च येतो, तो कोणी द्यायचा, असे अर्काइव्ह विचारतात. प्रश्न रास्त आहे. पण माझी तक्रार शुल्काबद्दल नाही, मुदतीबद्दल आहे. फीत एकदा जपली की पंधरा वर्षांनी तेच दृश्य त्याच कार्यक्रमात पुन्हा दाखवायला अर्काइव्हला नवा खर्च कितीसा येतो? कॉपीराइट कायद्यात परवानगीशिवाय मर्यादित वापराची मुभा देणारी 'न्याय्य वापरा'ची तरतूद आहेच की, असेही म्हटले जाते. मात्र कॉपीराइटच्या दाव्यांपासून बचावासाठी वाहिनीला विमा लागतो आणि विमा कंपनीला परवान्याचा कागद. 2005 मध्ये अमेरिकी माहितीपटकारांनी न्याय्य वापराचे निकष स्वतःच लिहून काढले, तेव्हा कुठे विमा कंपन्या नरमल्या. भारतात चित्रपटावरचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर 60 वर्षांनी संपतो, पण तेवढ्याने हाती काही पडत नाही. चांगली प्रत ज्याच्या तिजोरीत, तो ती देण्याचे पैसे घेऊ शकतोच. म्हणून माहितीपटाला अनुदान देणाऱ्या संस्थांनी कायमस्वरूपी हक्कांची रक्कम पहिल्याच अंदाजपत्रकात धरायला हवी; निर्मात्याने त्यासाठी चित्रीकरणाचे चार दिवस कमी केले तरी चालेल.