पन्नास रुपयांचा फरक : सुधारित वेतननिश्चिती कशी तपासायची

(कुंभारी, ता. दक्षिण सोलापूर येथील व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याची धाटणी शक्य तितकी तशीच ठेवली आहे.)

समोर बहुतेक शिक्षक आहेत, काही ग्रामपंचायत विभागाचे आहेत, मागच्या रांगेत निवृत्त झालेली मंडळीही दिसतायत. विषय सगळ्यांच्या घरचा आहे, पगाराचा. गंमत अशी की आपण पोरांना सरळव्याज, चक्रवाढव्याज शिकवतो आणि स्वतःची वेतननिश्चिती मात्र कारकुनाच्या भरवशावर सोडून मोकळे होतो. सेवापुस्तकात काय लिहिलंय हे निवृत्तीला सहा महिने राहिले की बघायचं, अशी आपली पद्धत. ती आज जरा मोडूया. कागद-पेन असेल तर काढा, मोबाइलमधला कॅल्क्युलेटरही चालेल.

सातवा वेतन आयोग महाराष्ट्रात कसा आला ते थोडक्यात. केंद्रानं लागू केल्यावर राज्यानं के. पी. बक्षी यांची समिती नेमली. तिच्या अहवालावरून ३० जानेवारी २०१९ ला महाराष्ट्र नागरी सेवा (सुधारित वेतन) नियम निघाले. म्हणजे नियम आले २०१९ ला, पण वेतन मोजायचं १ जानेवारी २०१६ पासून. मधल्या तीन वर्षांचा फरक पाच हप्त्यांत. हे मागच्या तारखेनं लागू होणं लक्षात ठेवा, कारण सगळी गंमत आणि सगळा घोळ त्यातच आहे.

आता मूळ गणित. ३१ डिसेंबर २०१५ ला तुमचं मूळ वेतन काय होतं? मूळ वेतन म्हणजे पे बँडमधलं वेतन अधिक ग्रेड पे. त्याला गुणायचं २.५७ नं आणि जवळच्या पूर्ण रुपयात आणायचं. मग पे मॅट्रिक्सचा तक्ता घ्यायचा आणि आपल्या ग्रेड पेसमोरची लेव्हल शोधायची. शिपाई १,३०० ग्रेड पेचा, तो एस-१. लिपिक १,९०० चा, एस-६. पोलीस शिपाई एस-७, तलाठी एस-८ आणि प्राथमिक शिक्षक २,८०० चा, म्हणजे एस-१०. त्या रकान्यात आपली रक्कम जशीच्या तशी सापडली तर ती, नाहीतर तिच्या लगेच वरची.

हे २.५७ आलं कुठून? पुष्कळांना वाटतं पगार अडीचपट झाला. तसं काही नाही. १ जानेवारी २०१६ ला महागाई भत्ता १२५ टक्के होता. म्हणजे शंभर रुपये मूळ वेतनावर हातात सव्वादोनशे येतच होते. ते सव्वादोनशे आयोगानं मूळ वेतनात मिसळले आणि महागाई भत्ता शून्यावर आणला. २.२५ चे २.५७ झाले, एवढीच खरी वाढ. भागाकार करून बघा, १४ टक्क्यांच्या थोडी वर येते. सहाव्या आयोगाचा १.८६ हा आकडाही असाच घडला होता. तेव्हा ५० टक्के भत्ता आधीच मूळ वेतनात धरलेला होता, त्यावर २४ टक्के. दीड गुणिले १.२४ करा, १.८६ येतात. गुणक म्हणजे वाढ नव्हे, हे एकदा डोक्यात बसलं की व्हॉट्सअ‍ॅपवरचे निम्मे मेसेज वाचायची गरज उरत नाही.

आता उदाहरण. एकाच शाळेतले दोघं घेऊ, बाई आणि गुरुजी, दोघंही एस-१०. नावं नकोत, काल्पनिकच आहेत. ३१ डिसेंबर २०१५ ला बाईंचं मूळ वेतन १४,३९० आणि गुरुजींचं १४,४४०. फरक पन्नास रुपयांचा.

बाईंचे १४,३९० गुणिले २.५७ म्हणजे ३६,९८२. एस-१० च्या रकान्यात ३५,९०० नंतर ३७,००० आहे. बाई बसल्या ३७,००० वर.

गुरुजींचे १४,४४० गुणिले २.५७ म्हणजे ३७,१११. ३७,००० ओलांडले, आता पुढची पायरी ३८,१००. गुरुजी बसले तिथं.

काल पन्नास रुपयांचा फरक होता, आज अकराशेचा झाला. यात कुणाची चूक नाही की कुणाचा वशिला नाही. तक्त्याच्या पायऱ्या साधारण तीन-तीन टक्क्यांच्या आहेत. तुमची रक्कम पायरीच्या जरा अलीकडे पडते की जरा पलीकडे, यावर ते ठरतं. अलीकडे पडली तर फायदा अठरा रुपयांचा, पलीकडे पडली तर जवळजवळ हजाराचा.

बाईंना वाईट वाटलं असणार. पण थांबा, नियमात विकल्प नावाची एक गोष्ट होती. १ जानेवारी २०१६ पासूनच नव्या वेतनात या, किंवा पुढच्या वेतनवाढीपर्यंत जुन्या वेतनातच थांबा आणि मग या. विकल्प दिलाच नाही तर १ जानेवारीचाच धरला जाणार. आपल्याकडं बहुतेकांनी काय केलं? शाळेत एकानं फॉर्म भरला, बाकीच्यांनी बघून भरला. बघून लिहिल्यावर पोरांचे मार्क कापतो आपण.

बाईंचं गणित पुढं नेऊ. त्या १ जानेवारी २०१६ ला ३७,००० वर आल्या तर १ जुलै २०१६ च्या वेतनवाढीनं एक पायरी चढून ३८,१०० वर जातात. आता दुसरा विकल्प. सहा महिने जुन्यातच थांबल्या. जुन्या पद्धतीनं १४,३९० वर तीन टक्के म्हणजे ४३१ रुपये ७० पैसे. ते पुढच्या दहाच्या पटीत न्यायचे, म्हणजे ४४०. मूळ वेतन झालं १४,८३०. त्याला २.५७ नं गुणलं की ३८,११३. ३८,१०० च्या पुढं तेरा रुपये! त्या तेरा रुपयांनी बाई एकदम ३९,२०० वर बसतात.

म्हणजे जुलैचा विकल्प दिला असता तर तिथून पुढं कायम एक पायरी वर. फुकट मात्र नाही. जानेवारी ते जून या सहा महिन्यांत नव्या वेतनाऐवजी जुनं घ्यावं लागलं असतं. १४,३९० अधिक १२५ टक्के भत्ता म्हणजे ३२,३७७ रुपये ५० पैसे, आणि नव्यात ३७,०००. घरभाडं वगैरे बाजूला ठेवू. महिन्याला सुमारे ४,६२२ रुपयांचं नुकसान, सहा महिन्यांचं २७,७०० च्या आसपास. महिना अकराशे आणि त्यावरचा महागाई भत्ता धरला तर हे साधारण दोन वर्षांत भरून निघतं. पुढचं सगळं नफ्यात.

(एका शिक्षकांचा प्रश्न : मग सगळ्यांनीच जुलै घ्यायला हवा होता का?)

नाही ना सर! तेच तर सांगतोय. आपले गुरुजी घ्या. जानेवारीत ३८,१००, जुलैत ३९,२००. त्यांनी जुलैचा विकल्प दिला असता तर १४,४४० वर ४४० वाढ, १४,८८०, गुणिले २.५७ म्हणजे ३८,२४२. बसणार कुठं? ३९,२०० वरच. तेच वेतन आणि सहा महिन्यांचे ३३,६०० च्या वर गमावले. म्हणजे एका टेबलावर बसणाऱ्या दोघांनी नेमके उलटे विकल्प द्यायला हवे होते. बाईंनी गुरुजींचा फॉर्म बघून भरला तर बाई बुडाल्या, गुरुजींनी बाईंचा बघून भरला तर गुरुजी बुडाले. नियमानं एकदा दिलेला विकल्प अंतिम असतो, त्यामुळं सातव्याचं आता हातात फारसं नाही. पण आठव्याच्या वेळी असा फॉर्म पुढं आला तर दोन्ही बाजूंचं गणित करून मगच सही करा. अर्ध्या तासाचं काम आहे.

आता भत्ते. बाईंनी जानेवारीचाच विकल्प दिला होता असं धरू. मधे वरिष्ठ श्रेणी मिळाली नाही असंही सोपेपणासाठी धरू. दरवर्षी एक पायरी चढत जून २०२५ ला त्या ४८,२०० वर असतात. महागाई भत्ता जानेवारी २०२५ पासून ५५ टक्के, म्हणजे २६,५१०.

हा टक्का कोण ठरवतं? औद्योगिक कामगारांसाठीचा अखिल भारतीय ग्राहक किंमत निर्देशांक असतो, श्रम ब्युरो काढतं. त्याची बारा महिन्यांची सरासरी घेतात, २.८८ नं गुणून जुन्या पायावर आणतात आणि २६१.४२ च्या वर ती किती टक्के गेली ते बघतात. अपूर्णांक सोडून देतात. जानेवारी २०२५ ला गणित ५५.९८ पर्यंत गेलं होतं, मिळाले ५५. हा निर्देशांक देशातल्या ८८ केंद्रांच्या भावांवरून निघतो आणि त्यात आपलं सोलापूर आहे. म्हणजे आपल्या बाजारातली डाळ आणि आपल्या गल्लीतलं घरभाडं दिल्लीतल्या सचिवाच्या भत्त्यात थोडं तरी मोजलं जातं. इथं गोदूताई वसाहतीत विडी वळणाऱ्या बायकांच्या किमान वेतनातला विशेष भत्ताही किंमत निर्देशांकावरच हलतो. महागाई मोजायची पट्टी एकच, पण कुणाच्या मूळ रकमेवर ती लागते यात केवढं अंतर आहे ते आपण रोज येता-जाता बघतोच.

घरभाडं भत्ता. सातव्यात सुरुवातीला २४, १६ आणि ८ टक्के होता, महागाई भत्ता ५० च्या पुढं गेल्यावर ३०, २० आणि १० टक्के. मुंबई-पुणे एक्स वर्गात, सोलापूर शहर वाय, बाकी झेड. कुंभारी ग्रामपंचायत आहे, महापालिकेच्या हद्दीबाहेर. म्हणून बाईंना १० टक्के, ४,८२० रुपये. त्याच शहरातल्या शाळेत असत्या तर ९,६४०. भत्ता कुठं राहता यावर नाही, नोकरीचं ठिकाण कुठलं यावर ठरतो. तुमच्यातले बरेच जण सोलापुरातून अक्कलकोट रोडनं रोज येतात, भाडं शहराचं देतात, भत्ता गावचा घेतात. त्यावर मुख्यालयी राहत नाही म्हणून तो गावचाही बंद करा, अशी ओरड अधूनमधून होतेच. गावात भाड्यानं मिळण्यासारखी घरं किती आहेत हे आधी मोजावं, मग बोलावं, असं माझं मत आहे.

वाहतूक भत्ता एस-७ ते एस-१९ ला आपल्याकडं १,३५०. यावर महागाई भत्ता लागत नाही. एकूण बेरीज करा : ८०,८८०. जुलैचा विकल्प असता तर मूळ वेतन ४९,६०० असतं आणि एकूण ८३,१९०. तेव्हाचे अकराशे वाढत वाढत महिन्याला २,३१० झाले.

हे एवढ्यावर थांबत नाही. बाई १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्या, म्हणजे एनपीएस. मूळ वेतन अधिक महागाई भत्त्याच्या १० टक्के त्यांचे, १४ टक्के शासनाचे. १,४०० च्या फरकावर भत्ता धरून २,१७० होतात, त्याचे २४ टक्के म्हणजे ५२० रुपये महिन्याला त्यांच्या खात्यात कमी जातायत.

(प्रश्न : वेतननिश्चिती जास्तीची झाली असेल तर निवृत्तीच्या वेळी वसुली लावतात. ते बरोबर आहे का?)

हा प्रश्न आला ते बरं झालं. सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१४ चा निकाल आहे, पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह. त्यात सांगितलंय की वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, आणि पाच वर्षांहून जास्त काळ जादा दिलं गेलं असेल तर, अशी वसुली करू नये. लोक हा निकाल पाठ करून ठेवतात. पण जुलै २०१६ ला जगदेव सिंग प्रकरणात त्याच न्यायालयानं म्हटलं, की जादा गेलेली रक्कम परत करीन असं वचनपत्र ज्यानं दिलंय त्याला ही ढाल मिळत नाही. तिथं कर्मचारी न्यायिक अधिकारी होते, त्यामुळं वर्ग तीनला ते किती लागू यावर वाद होत राहतात. पण आठवून बघा, वेतननिश्चितीच्या वेळी तुमच्याकडून एक वचनपत्र घेतलं होतं. ते कुणी वाचलं?

म्हणून निवृत्तीची वाट बघू नका. जिल्हा परिषदेत वित्त विभागाकडून आणि राज्य शासनाच्या कार्यालयांत वेतन पडताळणी पथकाकडून आपली निश्चिती तपासून झालीय का, सेवापुस्तकात तसा शिक्का आहे का, ते बघा. नसेल तर लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. २०१६ ची चूक २०१९ ला सापडली तर ती काही हजारांची असते, २०३५ ला सापडली तर लाखांची.

(प्रश्न : आठव्याचा गुणक किती येईल?)

केंद्राच्या आठव्या आयोगाच्या अध्यक्ष न्यायमूर्ती रंजना प्रकाश देसाई आहेत, ऑक्टोबर २०२५ मध्ये कार्यकक्षा मंजूर झाली, अहवालाला अठरा महिने दिलेत. त्यानंतर राज्याचं राज्य ठरवेल. गुणक आज कुणी सांगत असेल तर तो अंदाज आहे. पण मोजायची रीत तुमच्याकडं आहे. केंद्राचा भत्ता जुलै २०२५ पासून ५८ टक्के होता, म्हणजे तेव्हा १.५८ ला वाढ शून्य. लागू होईल त्या दिवशी भत्ता जितका असेल तो शंभरात मिळवा आणि जो गुणक जाहीर होईल त्याला त्यानं भागा. समजा त्या दिवशी भत्ता ६० असला आणि गुणक २ आला, तर दोन भागिले १.६, वाढ २५ टक्के. नंतर आपलं मूळ वेतन घ्या, गुणा, आणि आपण पायरीच्या अलीकडे पडतोय की पलीकडे ते बघा. शेजारच्या बाईंनाही बघायला सांगा, पण त्यांचं त्यांना करू द्या.