श्वास मोजायला शिकू या

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. शहाडला आमचं बिऱ्हाड. अम्मीचं वय सत्तरीच्या घरात, मधुमेह जुना. तिला लघवी करताना जळजळ होऊ लागली, पण चार दिवस तिनं कुणाला सांगितलंच नाही. मुलांपुढे, सुनांपुढे असलं काय बोलायचं, हा तिचा संकोच. पाचव्या दिवशी थंडी वाजून ताप आला. जवळच्या एका दवाखान्यात नेलं. तिथे इंजेक्शन दिलं, सलाईनची बाटली लावली आणि "अशक्तपणा आहे, आराम करू द्या" म्हणून घरी पाठवलं. रात्री ताप उतरला. अल्लाहचे आभार मानून आम्ही झोपलो.

फजरला अम्मी वुजूसाठी उठली नाही. थोरल्या भाभींनी हलवून जागं केलं, तर ती आमच्या मरहूम अब्बांना हाका मारत होती. हातपाय गार, श्वास धापा टाकल्यासारखा, रात्रीपासून लघवी नाही. ताप मात्र नव्हता. आमच्यातलंच कुणीतरी म्हणालं, "ताप नाही ना, मग उजाडू द्या." त्यात दीड तास गेला. पुढे शहाडच्या पुलावरच्या गर्दीत आणखी वेळ गेला. रुग्णालयात पोचलो तेव्हा तिचा वरचा रक्तदाब 80 च्या खाली आला होता. डॉक्टर म्हणाले, "सेप्सिस आहे, आणि आता सेप्टिक शॉक." हे शब्द आम्ही पहिल्यांदाच ऐकत होतो.

हा आजार नेमका काय?

संसर्ग कुठेही होऊ शकतो: लघवीच्या मार्गात, फुप्फुसात, पोटात, पायाच्या जखमेत, बाळंतिणीच्या गर्भाशयात. शरीर जंतूंशी लढतं. पण कधी कधी ही लढाई हाताबाहेर जाते आणि शरीराची संरक्षणयंत्रणा स्वतःच्याच अवयवांना इजा करू लागते. मूत्रपिंड, फुप्फुसं, मेंदू, हृदय एकेक करून थकतात. हाच सेप्सिस. सलाईन देऊनही रक्तदाब सावरत नाही, तो औषधाच्या आधारानेच टिकवावा लागतो, त्या अवस्थेला सेप्टिक शॉक म्हणतात.

2017 साली जगभरात सुमारे 4 कोटी 89 लाख लोकांना सेप्सिस झाला आणि 1 कोटी 10 लाख मृत्यू त्याच्याशी जोडलेले होते, असा अंदाज 2020 मध्ये प्रसिद्ध झाला. म्हणजे दर पाच मृत्यूंमागे एक.

घरात काय पाहायचं?

आमची चूक अशी झाली की आम्ही फक्त ताप पाहिला. वयस्कर माणसाला, मधुमेह्याला सेप्सिसमध्ये ताप नसूही शकतो, उलट अंग गार पडतं. तापाची गोळी दिली की आकडा उतरतो, संसर्ग तिथेच राहतो. म्हणून कोणताही संसर्ग असताना, किंवा नुसती शंका असताना, या खुणा पाहा:

• माणूस असंबद्ध बोलतो, ओळखत नाही, किंवा जागाच होत नाही.
• शांत पडलेला असताना मिनिटाला 22 किंवा जास्त श्वास. घड्याळ लावून पूर्ण एक मिनिट मोजा.
• वरचा रक्तदाब 100 किंवा त्याहून कमी.
• बारा तासांत लघवी जवळजवळ नाही.
• हातपाय गार, त्वचेवर निळसर-जांभळे चट्टे. सावळ्या रंगावर ते चटकन दिसत नाहीत, म्हणून ओठ, नखं, तळवे पाहा.

यातली एखादी खूण नवी दिसली, तरी सकाळची वाट पाहू नका. 108 ला फोन करा. शहाडहून जवळची सरकारी रुग्णालयं म्हणजे उल्हासनगर-3 चं मध्यवर्ती रुग्णालय आणि कल्याणचं रुक्मिणीबाई रुग्णालय. पोचल्यावर सरळ विचारा, "हा सेप्सिस तर नाही ना?" मधुमेह, चालू गोळ्या, कोणत्या औषधाची ॲलर्जी आहे, हेही सांगा.

तासांचा हिशेब

शॉकमध्ये पहिल्या तासाभरात अँटिबायोटिक सुरू व्हावं, असं डॉक्टरांच्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचना सांगतात. 2006 च्या एका अभ्यासात, रक्तदाब कोसळल्यानंतरच्या पहिल्या सहा तासांत योग्य औषधाला झालेल्या प्रत्येक तासाच्या उशिराबरोबर वाचण्याची शक्यता सरासरी 7.6 टक्क्यांनी घटलेली आढळली. आमचा तो दीड तास या हिशेबात किती महाग होता, ते नंतर कळलं.

रुग्णालयात जंतू शोधण्यासाठी आधी रक्त घेतात, मात्र त्यासाठी औषध थांबवून ठेवत नाहीत. शिरेतून अँटिबायोटिक आणि सलाईन, रक्तदाबासाठी नॉरॲड्रेनॅलिन, गरजेप्रमाणे ऑक्सिजन किंवा व्हेंटिलेटर, मूत्रपिंड थकलं तर डायलिसिस. पू साचला असेल, लघवीचा मार्ग अडला असेल, तर तो मोकळा करावाच लागतो; नुसत्या औषधाने भागत नाही. मानेतल्या शिरेत नळी घालायची म्हटलं की घरचे घाबरतात. आम्हीही सहीसाठी अडून बसलो होतो. ती कशासाठी, हे जरूर विचारा, पण उत्तर मिळाल्यावर सहीला वेळ लावू नका.

गडचिरोलीचा धडा

घरातल्या माणसाच्या पाहण्याने खरंच फरक पडतो का? आपल्याच राज्यात त्याचा दाखला आहे. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने 1995 पासून 39 गावांत थोडं शिकलेल्या, गावातच राहणाऱ्या स्त्रियांना तयार केलं. बाळाचं रडणं मंदावलं का, दूध ओढणं कमी झालं का, अंग सैल पडलं का, हे त्या घरोघरी पाहत. मिनिटाला श्वास 60 वर गेले का, हे मोजत. सेप्सिसची शंका आली आणि रुग्णालय आवाक्यात नसलं, तर आई-वडिलांच्या संमतीने शिकवलेल्या पद्धतीने औषधही देत. पूर्वी तिथे सेप्सिस झालेल्या शंभर नवजात बाळांमागे सोळा-सतरा दगावत. हे उपचार सुरू झाल्यावर तो आकडा तीनच्याही खाली आला. 1999 मध्ये 'लॅन्सेट'ने हे काम छापलं. 2011 पासून आशाताई पहिल्या 42 दिवसांत घरी येतात, त्यामागे हाच अनुभव आहे. त्यांना दारातून परत पाठवू नका.

हे दिवस आपल्याकडे बाळंतिणीच्या चिल्ल्याचे. ती खोलीत पडूनच असते, त्यामुळे तिचा ताप, पोटदुखी, घाण वासाचा स्राव झाकला जातो. लाजेपोटी ती बोलणार नाही. सासूने, नणंदेने स्वतःहून विचारावं.

घरी आल्यावर

अम्मी एकोणीस दिवसांनी घरी आली. आम्हाला वाटलं, संपलं. पण पुढचे कित्येक महिने तिला जिना चढवत नव्हता. केस गळले, रात्री दचकून उठायची, सुरे आठवेनासे झाले की रडायची. डॉक्टरांनी समजावलं, सेप्सिसनंतर हे पुष्कळांना होतं आणि बहुतेकांना हळूहळू उतार पडतो. रोज थोडं चालणं, अंडी-डाळ-मासे असा प्रथिनांचा आहार, साखरेवर लक्ष. पहिल्या काही महिन्यांत पुन्हा संसर्ग होण्याचा धोका असतो, म्हणून जळजळ, खोकला, जखम काहीही असो, त्याच दिवशी दाखवायचं. न्यूमोनिया आणि फ्लूच्या लसींबद्दलही डॉक्टरांना विचारून घ्यावं.

नमाज ती खुर्चीवर बसून पढू लागली. रमजानमध्ये डॉक्टरांनी मनाई केली तेव्हा फार हळहळली. आजाऱ्याला रोज्याची सवलत दीननेच दिली आहे, हे मौलानांनी घरी येऊन सांगितलं तेव्हा कुठे ऐकलं.

आता नमाजच्या वेळापत्रकाशेजारी भिंतीवर वरच्या खुणांचा कागद चिकटवलाय. घरातली नववीतली मुलगीसुद्धा श्वास मोजते. आणि अम्मी? परवा शेजारच्या खालांना विचारत होती, "लघवीला जळजळ होते का गं? होत असेल तर लाजू नकोस, आजच दाखव."