पोळीत अडवलेला गूळ

मळवली स्टेशनावर उतरायचं, भाजे गाव मागे टाकायचं आणि गायमुख खिंडीचा चढ चढायचा. मग विसापूर आणि लोहगड या दोन जोडकिल्ल्यांच्या मध्ये लोहगडवाडी लागते. हा मावळ भाताचा. इंद्रायणी हा वाण इथल्याच वडगाव मावळच्या संशोधन केंद्रातला. गूळ मात्र बहुतेक बाहेरूनच येतो आणि संक्रांतीला पोळीत बसतो.

त्या पोळीची एक सख्खी बहीण कॅनडातल्या क्युबेकमध्ये आहे. मेपल झाडाच्या गोड पाकात साय आणि थोडा मैदा मिसळून तो पिठाच्या कवचात ओततात आणि ओव्हनमध्ये भाजतात. तिथे तिला ‘तार्त ओ स्युक्र’, म्हणजे साखरेचा ‘पाय’ (pie) म्हणतात. हिवाळा सरताना रात्री गोठतात आणि दिवस उबदार होऊ लागतात, तेव्हा मेपलच्या खोडातून रस झरतो. त्या रसात साखर जेमतेम दोन टक्के असते. एक लिटर पाकासाठी सुमारे 40 लिटर रस आटवावा लागतो. जगातल्या मेपल पाकापैकी सुमारे 70 टक्के एकट्या क्युबेकचा. ही विद्या युरोपियनांनी तिथल्या मूळ रहिवाशांकडून उचलली.

आपलं गुऱ्हाळ त्यामानाने उदार आहे. शंभर किलो उसातून साधारण दहा-बारा किलो गूळ पडतो. चुलवाणात चिपाडं जळतात, काहिलीतल्या रसात भेंडीच्या झाडाचा चिकट रस घालून मळी वर आणतात आणि गुळव्या झाऱ्यावरून पडणारी धार बघत बसतो. आच एकच, पण थांबण्याची जागा बदलली की पदार्थ बदलतो. मेपल पाक 104 अंशांना उतरवतात, काकवीही त्याच्या जवळपासच. थेंब थंड पाण्यात टाकला आणि त्याची गोळी झाली, की साधारण 118 अंशांना गूळ तयार. पाक आणखी वर, दीडशेच्या आसपास नेला, की शेंगदाणे टाकून चिक्की थापता येते. चिक्कीचं नातं बोरघाटाशी: तिथून 1863 साली आगगाडी धावू लागली. घाटात राबणाऱ्या मजुरांना गूळ-शेंगदाण्याची मिठाई ताकद द्यायची, अशी हकीकत लोणावळ्यात सांगतात.

पोळीची खरी परीक्षा तव्यावर होते. तापलेला गूळ पातळ होऊन बाहेर पळू बघतो. सांडला की तव्यावर करपतो आणि पुढच्या प्रत्येक पोळीला कडू डाग देतो. त्याला अडवतं ते तेलात खमंग भाजलेलं बेसन. त्यातला स्टार्च पाक धरून ठेवतो, म्हणजे क्युबेकच्या पायात मैदा करतो तेच काम. म्हणून बेसनात काटकसर करू नये. सोबत तिळाचं कूट, खसखस, वेलची, जायफळ.

गूळ साधा, मऊ घ्यावा. चिक्कीचा गूळ घेतला तर गार झाल्यावर पोळी दगडासारखी होते. कणकेला तेलाचं कडकडीत मोहन हवं. दोन पाऱ्यांच्या मध्ये सारणाची चपटी गोळी ठेवून कडा नीट दाबायच्या आणि सारण काठापर्यंत पोहोचेल अशी हलक्या हाताने लाटायची. आच मंद. गरम पोळ्या एकावर एक रचल्या की नरम पडतात, म्हणून कागदावर सुट्या पसरून गार करतात. मग त्या आठवडाभर सहज टिकतात आणि गारच, वर तूप घालून खातात.

ज्यांच्या घरी ओव्हन आहे त्यांनी क्युबेकचा पाय करायला मेपलच्या परदेशी बाटलीच्या मागे लागू नये. एक वाटी काकवी, एक वाटी साय, पाव वाटी मैदा, चिमूटभर मीठ हे मिश्रण कवचात ओतून 180 अंशांवर मध्यभाग जरासा थरथरेपर्यंत भाजावं. काकवीचा वास मेपलपेक्षा उग्र असतो, पण सायीबरोबर तो छान जुळतो. पाय पूर्ण गार होऊ द्यावा, मगच सुरी लावावी.

पण पहिला मान पोळीचाच. विकतच्या पाकिटाआधी एकदा घरी करून बघा. सारण आदल्या रात्रीच मळून ठेवा आणि पहिली पोळी अगदी मंद आचेवर टाका.