माइक लेकेबुश : ‘बीट-क्लब’चा दिग्दर्शक

- कोण : पश्चिम जर्मनीतील रेडिओ ब्रेमेन या सार्वजनिक प्रसारण संस्थेचे दूरचित्रवाणी दिग्दर्शक. तरुणांसाठीच्या संगीत कार्यक्रमांमुळे ओळख.
- ‘बीट-क्लब’ : पहिला भाग 25 सप्टेंबर 1965 रोजी, शनिवारी दुपारी. सहनिर्माते गेरहार्ड आउगुस्टिन. निवेदिका उशी नेर्के. कार्यक्रम 1972पर्यंत चालला.
- रंग : पश्चिम जर्मनीत रंगीत प्रसारणाची सुरुवात ऑगस्ट 1967मध्ये. ‘बीट-क्लब’ मात्र 1969च्या अखेरपर्यंत कृष्णधवल.
- तंत्र : निळ्या पडद्यापुढे कलाकारांचे चित्रण. निळ्या भागाच्या जागी फिरते आकार, रंग आणि दुसरी दृश्ये.
- पाहुणे : जिमी हेंड्रिक्स, द हू, तसेच कान आणि क्राफ्टवेर्क हे जर्मन संच.
- पुढचा टप्पा : ‘म्युझिकलाडेन’, डिसेंबर 1972 ते 1984. निवेदक मानफ्रेड झेक्साउअर आणि उशी नेर्के.
- फरक : ‘बीट-क्लब’मध्ये मुख्यतः इंग्रजी बीट आणि रॉक. झेडडीएफ वाहिनीच्या ‘हिटपराडे’त (1969पासून) जर्मन भाषेतील लोकप्रिय गाणी, म्हणजे ‘श्लागर’. त्याचे दिग्दर्शक ट्रुक ब्रान्स.