बेडती नदीचा हिशेब

हुबळीच्या कमरीपेठेतून पाहिले तर समुद्र फार दूर वाटतो. परंतु या शहराच्या परिसरातील पावसाचे काही पाणी पश्चिमेकडे वाहत जाऊन अरबी समुद्रास मिळते. ते वाहून नेणारी नदी म्हणजे बेडती. धारवाडच्या सोमेश्वराजवळ उगम पावणारी शाल्मला तिला कलघटगीच्या बाजूस येऊन मिळते. पुढे यल्लापूरच्या अरण्यात मागोड येथे ही नदी सुमारे 200 मीटर खोल दरीत झेप घेते आणि गंगावळी या नावाने अंकोल्याजवळ सागरास मिळते.

मागोडच्या या उतारात अभियंत्यांना वीज दिसली. 1970 नंतरच्या दशकात धरण बांधून 210 मेगावॉट वीज निर्माण करण्याची योजना आखली गेली. तीत अरण्य बुडणार होते आणि सुपारी, वेलची, मिरी यांच्या बागाही. या बागा दरीत असल्या तरी त्यांना लागणारे पाल्याचे खत भोवतालच्या डोंगरउतारांवरील झाडांपासून मिळते. म्हणून जंगल गेले की वाचलेली बागही खंगू लागते.

शिरसीच्या बागायतदारांनी नुसता निषेध केला नाही. त्यांनी हिशेब मागितला. त्यांच्या तोटगार सहकारी विक्री संघाच्या पुढाकाराने जानेवारी 1981 मध्ये शास्त्रज्ञ व शेतकरी यांचा परिसंवाद भरला. विजेची किंमत मांडताना बुडणारे लाकूड, पाला, मसाल्याची पिके आणि विस्थापितांचे संसार कोणत्या रकान्यात धरले, हा त्यांचा प्रश्न होता. पुढे ही योजना बाजूला पडली. 2011 साली खोऱ्याचा काही भाग संवर्धन राखीव क्षेत्र म्हणून जाहीर झाला.

तथापि प्रश्न मिटलेला नाही. बेडतीचे पाणी पूर्वेकडील वरदा नदीत वळविण्याचा प्रस्ताव पुन्हा पुढे आला असून उत्तर कन्नडात त्यास विरोध होत आहे. कोरड्या मुलखाची तहान खोटी नाही. हुबळीची तहान भागविण्यासाठी बांधलेला नीरसागर तलावही बेडतीच्याच नाल्यावर आहे. म्हणूनच पाणी मागणाऱ्यानेही हिशेबाच्या दोन्ही बाजू वाचावयास हव्यात. नदीचे समुद्रास मिळणारे पाणी वाया जाते, असे म्हणणे सोपे आहे. पण वाटेत ते किती बागा, किती अरण्य आणि मुखाशी किती मासळी पोसते, हे मोजल्यावाचून तसे म्हणता येत नाही.