पकडलेले मोजता येतात, निसटलेले कसे मोजायचे? अमेरिकेच्या सीमेवरच्या आकड्यांचा हिशोब समजून घ्या

५ फेब्रुवारी २०२५ ला अमेरिकेचं लष्करी विमान अमृतसरला उतरलं. त्यात परत पाठवलेले १०४ भारतीय होते. हरियाणा आणि गुजरातचे प्रत्येकी ३३, पंजाबचे ३० आणि आपल्या महाराष्ट्राचे ३. प्रवासभर त्यांच्या हातापायात बेड्या होत्या. ते व्हिडिओ आपण सगळ्यांनी मोबाईलवर पाहिले.

तेव्हापासून पारावर आणि टपरीवर दोन प्रकारची माणसं भेटतात. एक म्हणतात, "आता सीमा पक्की बंद झाली, चिटपाखरू जात नाही." दुसरे म्हणतात, "अहो, पकडतात त्याच्या दहापट जातात." दोघंही ठासून सांगतात. पण हे मोजतं कोण आणि कसं, हे कुणी सांगत नाही. म्हणून आज तेवढंच बघू.

मक्यातल्या रानडुकरांचा हिशोब

माझ्या मक्यात दरवर्षी रानडुकरं येतात. रात्री राखणीला बसलो की दोन-तीन दिसतात, ती हाकलतो. सकाळी बांधावरचा माग बघितला की कळतं, आणखी चार-पाच येऊन गेली. आणि जी खडकाळ अंगानं आली, त्यांचा मागच उमटत नाही. ती किती आली हे मोडलेल्या ताटांवरून अंदाजानंच सांगायचं.

अमेरिकेच्या सीमेवरही माणसं अशीच तीन खात्यांत मोजली जातात. पकडलेली, दिसली पण निसटलेली, आणि कुणाला कळलीच नाहीत अशी. पहिल्या खात्याचा आकडा पक्का, दुसऱ्याचा अर्धापक्का, तिसऱ्याचा निव्वळ अंदाज. बातमीत येतो तो बहुतेक वेळा पहिल्या खात्याचा.

पहिलं खातं : पकडलेले

अमेरिका आणि मेक्सिकोची सीमा सुमारे ३,१०० किलोमीटर आहे. तिथल्या सीमा गस्ती दलाचं हिशोबाचं वर्ष ऑक्टोबर ते सप्टेंबर असतं. २००० साली या दलानं सुमारे १६ लाख ४० हजार वेळा लोकांना पकडलं. २०१७ ला हाच आकडा ३ लाखांच्या आसपास आला. २०२२ ला तो २२ लाखांवर गेला आणि २०२५ ला २ लाख ४० हजारांच्या आत आला.

इथं "वेळा" हा शब्द महत्त्वाचा. एकच माणूस वर्षात तीनदा सापडला तर तो तीनदा मोजला जातो. म्हणजे हा आकडा माणसांचा नाही, पकडण्याचा आहे.

दुसरं खातं : निसटलेले

सीमेवर काही ठिकाणी मातीचे रस्ते केलेत. गस्तीची गाडी मागं टायर बांधून ओढत नेते आणि माती सपाट करते, अगदी आपण पेरणीआधी फळी मारतो तशी. मग काही तासांनी येऊन बघायचं, पावलं उमटली का. पार करणारेही हुशार असतात. ते बुटाच्या तळाला गालिच्याचे तुकडे बांधतात, म्हणजे ठसा राहत नाही. जोडीला कॅमेरे आणि जमिनीत पुरलेले सेन्सर आहेत.

माग सापडला पण माणूस सापडला नाही, तर त्याची नोंद "निसटला" अशी होते. २०२३ च्या वर्षात अशा नोंदी ६ लाखांवर गेल्या होत्या. पण यातही गोम आहे. जिथं कॅमेरे जास्त बसवले तिथं निसटलेले जास्त दिसतात. नजर वाढली म्हणून आकडा वाढला, की माणसं वाढली म्हणून, हे लगेच कळत नाही.

तिसरं खातं : कळलेच नाहीत ते

इथं गणित लागतं. अवघड नाही, नीट बघा.

समजा १०० जणांना पकडून परत मेक्सिकोत सोडलं. सगळ्यांनी पुन्हा प्रयत्न केला आणि त्यातले ४० पुन्हा सापडले. म्हणजे एका प्रयत्नात सापडायची शक्यता शंभरात ४०. आता वर्षभरात ४ लाख वेळा लोक पकडले गेले असतील, तर एकूण प्रयत्न झाले १० लाख आणि ६ लाख वेळा लोक आत गेले.

पण शंभरातले २० जण कंटाळून घरी गेले असतील तर? मग पुन्हा प्रयत्न केला ८० जणांनी, सापडले ४०, म्हणजे शक्यता निम्मी. आता त्याच ४ लाख पकडण्यावरून आत गेलेले निघतात ४ लाख. घरी किती गेले या एका गोष्टीनं २ लाखांचा फरक पडला! म्हणून परत आलेल्यांना "पुन्हा जाणार का?" असं विचारणारी सर्वेक्षणं मेक्सिकोच्या बाजूला केली जातात.

अशी गणितं करून अमेरिकेच्या गृहसुरक्षा खात्यानं २०१७ च्या अहवालात अंदाज दिला, की कुणाला न कळता आत जाण्याचे प्रकार २००६ मधल्या साधारण ८ लाख ५१ हजारांवरून २०१६ मध्ये सुमारे ६२ हजारांवर आले. म्हणजे बंदोबस्त वाढल्यानं खरोखर फरक पडला. पण ही रीत शेजारच्या मेक्सिकोच्या माणसाला लागू पडते. भारतीय माणसाला पकडून विमानानं घरी आणलं, तर तो आठवड्यात परत सीमेवर उभा राहत नाही. तिथं हे गणित चालत नाही.

आकडा कुठं फसवतो

मार्च २०२० मध्ये करोनाचं कारण देऊन अमेरिकेनं एक नियम लावला. सापडलेल्याला खटला न भरता लगेच मागं ढकलायचं. ऐकायला कडक वाटतं. पण शिक्षा नाही, नोंदीचा त्रास नाही, म्हणून लोक दुसऱ्या दिवशी परत यायला लागले. २०१९ मध्ये पकडलेल्यांपैकी त्याच वर्षी पुन्हा सापडलेले शंभरात ७ होते. २०२१ मध्ये ते २७ झाले. पकडण्याचे आकडे फुगले त्याचं एक कारण हे. हा नियम मे २०२३ मध्ये उठला.

दुसरी गोष्ट आश्रय मागणाऱ्यांची. साधारण २०१४ पासून होंडुरास, ग्वाटेमाला, एल साल्वाडोर या देशांतली कुटुंबं लेकराबाळांसह येऊन स्वतःच गस्तीवाल्यांपुढं उभी राहू लागली. त्यांना लपायचंच नव्हतं. तरी त्यांची नोंद पकडलेल्यांतच. अशा वेळी "पकडलेले वाढले" याचा अर्थ बंदोबस्त चांगला असाही होत नाही आणि ढिला असाही होत नाही.

तिसरी गोष्ट, व्हिसा घेऊन रीतसर विमानानं गेले आणि मुदत संपली तरी राहिले, ते सीमेच्या कुठल्याच आकड्यात नाहीत. भिंत कितीही उंच बांधा, त्यांना काही फरक पडत नाही.

बंदोबस्ताचा गुण किती, बाकीचा किती

२००० साली गस्ती दलात ९ हजारांवर जवान होते, २०११ ला २१ हजारांवर. त्याच काळात पकडलेले १६ लाखांवरून सव्वातीन लाखांवर आले. सरळ वाटतं, जवान वाढले म्हणून लोक कमी झाले. पण मध्ये २००८ ची मंदी आली. बांधकामं बंद पडली, मजुरी मिळेना. काम नसेल तर माणूस जीव धोक्यात घालून जाईल कशाला? दोन्ही कारणं एकाच वेळी आली, त्यातलं कुणाचं किती हे वेगळं करणं अवघड.

अलीकडचंही तसंच. डिसेंबर २०२३ मध्ये एका महिन्यात जवळपास अडीच लाख वेळा लोक पकडले गेले. मग मेक्सिकोनं स्वतःच्या हद्दीत अडवणूक वाढवली. जून २०२४ मध्ये अमेरिकेनं आश्रयाचे नियम आवळले. डिसेंबर २०२४ ला आकडा ४७ हजारांवर आला होता. जानेवारी २०२५ मध्ये नवं सरकार आलं, नियम आणखी कडक झाले आणि मार्चमध्ये आकडा ७ हजारांच्या आसपास आला. सगळं श्रेय एकाला देणारे आणि काहीच न देणारे, दोघंही अर्धंच सांगतात.

बंदोबस्त मोजायची आणखी एक रीत आहे, दलालाचा भाव. वाट अवघड झाली की दलाल जास्त पैसे मागतो. आणि एक खातं असं आहे जे कुठल्याही नेत्याच्या भाषणात येत नाही. सोपी वाट बंद झाली की लोक वाळवंटातून जातात. संयुक्त राष्ट्रांच्या स्थलांतर संघटनेनं २०२२ या एका वर्षात या सीमेवर ६८६ माणसं मेल्याची किंवा बेपत्ता झाल्याची नोंद केली. सापडली तेवढीच.

आपल्या माणसांचा आकडा

अमेरिकेत कागदपत्रांशिवाय राहणारे भारतीय किती? २०२२ सालचे अंदाज बघा. प्यू ही संशोधन संस्था म्हणते सुमारे ७ लाख. मायग्रेशन पॉलिसी इन्स्टिट्यूट म्हणते पावणेचार लाख. अमेरिकेचं सरकारी खातं म्हणतं २ लाख २० हजार. तिघंही जाणकार, तरी फरक तिपटीचा. मोजायची रीत वेगळी की उत्तर वेगळं.

आणि वाट फक्त मेक्सिकोतून नाही. जानेवारी २०२२ मध्ये गुजरातच्या डिंगुचा गावचं एक कुटुंब, आईबाप आणि दोन लेकरं, कॅनडाच्या सीमेवर बर्फात गोठून मेलं. सीमारेषा तिथून काही मीटरवर होती. ती चौघं ना पकडलेल्यांत, ना निसटलेल्यांत.

परत आलेल्यांपैकी कित्येकांनी सांगितलं, की जमीन विकून, कर्ज काढून एजंटला ४०-५० लाख दिले होते. एजंट सांगतो, "आपली शंभर पोरं पोचली." इथंही तोच प्रश्न विचारायचा. पोचली ती शंभर, पण निघाली किती होती? पकडलेली किती, वाटेत अडकलेली किती, आणि ज्यांचा फोनच लागत नाही ती किती? पोचलेल्याचा फोटो स्टेटसला येतो. बाकीच्यांचा येत नाही.

सीमेचा कुठलाही आकडा मोबाईलवर आला, की पुढं ढकलायच्या आधी एवढं बघा : हा आकडा माणसांचा आहे की पकडण्याचा, कुठल्या वर्षाचा आहे, आणि तीनपैकी कुठल्या खात्यातला आहे. आणि घरात कुणी सातबारा घेऊन एजंटकडं निघालं असेल, तर त्यालाही हाच हिशोब आधी मांडून दाखवा.